रविवारला काय म्हणायचं

हेलसिंकीच्या शब्दकोशाच्या कचेरीतून मे महिन्यात जाडजूड पाकीट आलं. आत नेहमीसारखी शब्दांची यादी आणि कोऱ्या चिठ्ठ्यांचा गठ्ठा. गेली सात वर्षं मी त्यांच्यासाठी आमच्या हौकिनिएमी गावातले शब्द लिहून पाठवतो. देशभर शेकडो माणसं हे काम करतात. त्यांत शाळामास्तर बरेच, काही पाद्रीही आहेत. जंगलात झाडं पाडण्यात आणि नदीतून ओंडके हाकण्यात जन्म घालवलेला बहुधा मी एकटाच.

कामाची पद्धत ठरलेली आहे. एका चिठ्ठीवर एकच शब्द आणि त्याचा एकच वापर. वर शब्द, मग गावाचं नाव, मग कुणीतरी खरोखर बोललेलं वाक्य, आणि खाली बोलणाऱ्याचं नाव व वय. वाक्य मनाने रचायचं नाही. सुरुवातीला मला हे कळलं नव्हतं. मी बारा चिठ्ठ्या भरल्या आणि बाराही चिठ्ठ्यांखाली लिहिलं, 'बोलणारा : मी स्वतः.' कचेरीतल्या बाईंनी फार गोड पत्र पाठवलं, की आपली भाषा उत्तम आहे, परंतु कृपया गावातल्या इतरांनाही बोलू द्यावं. ताइमी ते पत्र वाचून इतकी हसली की तिला चुलीजवळच्या बाकावर बसावं लागलं.

ताइमी म्हणजे आमची टपालबाई. टपालकचेरी बंद होऊन दोन वर्षं झाली, तिचा नवरा जाऊन तर सोळा झाली, पण गाव तिला अजून टपालबाईच म्हणतं. मला अक्षरं तिनेच शिकवली. मी तेव्हा अठ्ठावन्न वर्षांचा होतो. लहानपणी फिरती शाळा आमच्या भागात वर्षातून तीन आठवडे यायची आणि नेमके तेच तीन आठवडे मी गुरांमागे असायचो. पुढे सही करता येत होती, तेवढ्यावर भागलं. माझ्या बहिणीची स्वीडनहून पत्रं यायची, ती ताइमी वाचून दाखवायची. एका हिवाळ्यात तिने पत्र फोडलं, नजर फिरवली आणि परत पाकिटात घातलं. म्हणाली, "ईवारी, तुझ्या बहिणीच्या गुडघ्यांचा मला कंटाळा आलाय. बस इथे. यापुढे तुझं तूच वाच."

तर या वेळच्या यादीत सहावा शब्द होता आत्तो.

आता हा शब्द लहान पोरालाही ठाऊक आहे. नाताळच्या आदल्या दिवसाला नाताळचा आत्तो म्हणायचं, उन्हाळ्याच्या मध्यावर यूहान्नुसचा सण येतो, त्याच्या आदल्या दिवसाला यूहान्नुसचा आत्तो. खरा सण आत्तोलाच असतो. जमीन घासून धुतात, दाराशी दोन भूर्जाची रोपं रोवतात, सौना तापवतात, तिथे वाफेत अंग भाजून घेऊन तळ्यात उड्या मारतात. प्रत्यक्ष सणाच्या दिवशी माणूस पोटावर हात ठेवून पडून राहतो. एवढं लिहायला मला एक दुपार पुरली. पण कचेरीने खाली विचारलं होतं, 'सणांखेरीज आणखी कुठल्या बदलाच्या आधीच्या काळाला तुमच्या गावी आत्तो म्हणतात? लग्न, युद्ध, मृत्यू, घर हलवणं? ऐकलेलं उदाहरण द्यावं.'

मी मनास्सेकडे गेलो. गावातला सगळ्यांत म्हातारा तोच, शहाऐंशीचा.

"गाय व्यायला झाली की माझी आई म्हणायची, आज लालीचा आत्तो, गोठ्यात कुणी ओरडू नका," मनास्से म्हणाला.

मी लिहून घेतलं. "आणि मरणाचा आत्तो म्हणतात का रे?"

"तुला फार घाई झालेली दिसते."

"मी नाही, कचेरी विचारतेय."

"कचेरीला कळव, मरणाला नुसता आदला दिवस असतो. आत्तोला जमीन धुतात. मी मरणार म्हणून माझी सून आदल्या दिवशी जमीन धुवायला लागली, तर मी उठून दुसऱ्या गावाला जाईन."

युद्धाचं मला कुणाला विचारायची गरज नव्हती. वर्तमानपत्रं लिहितात 'युद्धाच्या आत्तोला', पण मी तिथे होतो. आदल्या दिवशी आम्ही वाटाण्याचं सार खाल्लं आणि पायातले मोजे वाळत घातले. पुढे कित्येकदा आम्ही त्या दिवसाबद्दल बोललो, पण आमच्यातला कुणी त्याला आत्तो म्हणाला नाही.

अशा तेरा चिठ्ठ्या झाल्यावर मला कळलं की आमच्या गावात या शब्दाला एक अट आहे. पुढे काहीतरी बदलणार एवढं पुरत नाही. ते बदलावं अशी वाट पाहिली जात असेल, तरच आधीचा दिवस आत्तो. लग्नाचा आत्तो असतो, पण मनास्सेच्या सुनेचं पहिलं लग्न जबरदस्तीने ठरलं होतं, तिने त्याच्या आदल्या दिवसाला 'तो शुक्रवार' म्हटलं. मला स्वतःचं कौतुक वाटलं. शाळामास्तरांना हे सुचलं नसणार. मी होडी सोडली आणि ताइमीला सांगायला निघालो. माझं घर तळ्याच्या चिंचोळ्या भागापलीकडे आहे, वल्ही मारत गेलं तर दहा मिनिटं.

ताइमीने ऐकून घेतलं. माझा कप भरलेला असताना त्यात आणखी कॉफी ओतली, ती बशीत सांडली. मग म्हणाली, "राइली मला औलूला बोलावतेय. कायमची."

राइली तिची मुलगी. शहरात असते, कापडाच्या दुकानात आहे.

"कधी?"

"यूहान्नुस झाला की सोमवारी. जावयाने बेकरीची गाडी मागून ठेवलीय. दुसऱ्या मजल्यावर खोली आहे. गेल्या हिवाळ्यापासून पोरीच्या जिवाला घोर लागलाय, रे. रोज रात्री तिला स्वप्न पडतं म्हणे, मी विहिरीपाशी पडलेय."

गेल्या हिवाळ्यात ती खरंच पडली होती. बर्फावर पाय घसरला आणि दोन्ही बादल्या अंगावर उपड्या झाल्या. अर्धा तास तशीच होती. वर्तमानपत्र न्यायला मी गेलो म्हणून सापडली. मी तिला ओंडक्यासारखी खांद्यावर टाकून आत आणली, आणि ती सबंध वाटेत सांगत होती की बादल्या आण, त्या गोठतील.

"नळाला गरम पाणी येतं?" मी विचारलं.

"गरमही येतं आणि गारही."

"मग बरंच आहे की."

"हो, बरंच आहे," ती म्हणाली, आणि माझ्यापुढची गोड पावाची ताटली उचलून कपाटात ठेवून दिली. मी अजून खात होतो.

वल्ही मारत परत येताना मला माझी चूक कळली. जाऊ नकोस म्हणायचं होतं. पण मुलीच्या घरी, गरम पाण्यात, पडायला बर्फ नसलेल्या जागी निघालेल्या बाईला जाऊ नकोस कुठल्या तोंडाने म्हणणार? तिला मनापासून जायचं असेल तर? ती कुणाला सांगणारी नव्हती. तीस वर्षं गावाची पत्रं हाताळली तिने, आणि एकाचंही गुपित फुटलं नाही.

मग मला सुचलं की विचारायचंच कशाला? शुक्रवारी यूहान्नुसचा आत्तो, शनिवारी सण, सोमवारी गाडी. मधला रविवार. त्या रविवारला ताइमी काय म्हणते ते ऐकायचं. 'हलण्याचा आत्तो' म्हणाली, तर ती वाट पाहतेय. मग मी सामान गाडीत चढवून देईन आणि टोपी काढून निरोप देईन. नुसतं 'आदल्या दिवशी' म्हणाली, तर बघू.

तीन आठवडे मी रोज तिच्याकडे खोकी बांधायला गेलो. एवढी खोकी बांधायची नव्हतीच.

"ही भांडी केव्हा भरायची?" मी विचारायचो.

"शेवटी."

"शेवटी म्हणजे कधी?"

"लागणार नाहीत तेव्हा."

एकदा मी अगदी आडून गेलो. "म्हणजे बघ, शनिवारी सण. सोमवारी गाडी. आणि मधला दिवस?"

"मधल्या दिवसाचं काय?"

"काही नाही. त्याला काय म्हणायचं, एवढंच."

ताइमी वर्तमानपत्रात कप गुंडाळत होती. तो तिने खाली ठेवला. "ईवारी, खिशातली पेन्सिल काढ बाहेर."

मी काढली.

"आणि चिठ्ठी."

चिठ्ठीही काढली.

"मी तुला लिहायला शिकवलं ते माझ्या तोंडाला जाळं लावून बसायला नाही. पाइक माशासारखा टपून बसलायस सकाळपासून. त्या दोरीचं टोक धर."

मी टोक धरलं. त्यानंतर ती जास्तच सांभाळून बोलू लागली. 'चोवीस तास आधी' म्हणायची, 'चोवीस जूनला' म्हणायची. एकदा तर म्हणाली, 'त्या वारी.' या सगळ्यात एक गोष्ट मी विसरलो होतो. माझा नियम मी तिलाच सर्वांत आधी सांगितला होता.

बुधवारी राइली आली. उंच, घाईची, मायेची बाई. आल्याआल्या तिने आईच्या कमरेला हात घालून तिला चुलीभोवती फिरवलं. "ईवारीकाका, रविवारी आपला हलण्याचा आत्तो! मी साय घातलेला केक करणार, तुम्ही यायचंच."

माझा हात खिशाकडे गेला. पण राइलीला गाव सोडून अकरा वर्षं झालेली, तिचं वाक्य कचेरीच्या नियमात बसत नव्हतं. आणि मला तिचं वाक्य नकोही होतं.

ताइमी तेव्हा पाठमोरी होती, डोकं कपाटात. तिथूनच म्हणाली, "रविवारला रविवार म्हणतात."

"अगं, पण आई, हलण्याचा आदला—"

"सात वार आहेत. त्यातला तो रविवार. ही चाळण न्यायची की नाही ते सांग."

मी घरी आलो आणि टेबलाशी बसलो. खिडकीतून ऊन थेट कागदावर पडलं होतं. ती चिडली होती म्हणून तसं बोलली असेल. दिवसभर ती कुणाचं ना कुणाचं बोलणं सुधारतच असते. एका वाक्यावर माणसाने किती इमारत बांधावी? पण ते वाक्य ती कपाटात तोंड घालून बोलली होती, आणि ताइमी एरवी कुणाशी पाठ करून बोलत नाही.

मी कोरी चिठ्ठी ओढली. अकरा चिठ्ठ्या फुकट गेल्या. बारावी अशी झाली :

'शब्द : आत्तो. गाव : हौकिनिएमी. वाक्य : ताइमी, तू गेली नाहीस तर मला फार बरं वाटेल, हे मी तुला उद्या सांगणार आहे, म्हणून आज आत्तो. बोलणारा : ईवारी, वय सहासष्ट, अविवाहित.'

गुरुवारी पहाटे मी ती तिच्या भिंतीवरच्या पिवळ्या टपालपेटीत टाकून आलो. पेटीत दोन वर्षांत काही पडलं नव्हतं, आत गांधीलमाशीने घर केलं होतं. दिवसभर मी जळण फोडलं. पलीकडून काही हालचाल नाही. राइली सतरंज्या धुवायला धक्क्यावर आली, तिने हात हलवला, मीही हलवला.

शुक्रवारी सकाळी मी दारासाठी भूर्जाची रोपं तोडून होडीपाशी आलो, तर आडव्या फळीवर दगडाखाली माझी चिठ्ठी. पलीकडून वल्ही मारत कोण कधी येऊन गेलं, मला पत्ता लागला नाही. चिठ्ठीवर ताइमीच्या लाल पेन्सिलीने, मला शिकवताना लिहायची तसंच, लिहिलं होतं : 'नापास. बोलणाऱ्याने हे वाक्य अजून बोललेलं नाही. नियम तुला ठाऊक आहे.'

मी रोपांसकट होडीत बसलो. ताइमीने सांगून ठेवलं होतं की यंदा दाराशी रोपं नकोत, सोमवारनंतर सुकलेली पानं कोण झाडणार. तरी मी ती तिच्या दाराच्या दोन्ही बाजूंना रोवली. पहार तिचीच घेतली. आत गेलो तेव्हा ताइमी कणीक मळत होती, कोपरापर्यंत पीठ, आणि राइली टेबलाशी बटाटे सोलत होती. राइली बाहेर जाईल म्हणून मी थोडा थांबलो. ती गेली नाही.

"ताइमी," मी म्हणालो.

"काय?"

"जाऊ नकोस."

"एवढंच? चिठ्ठीवर जास्त होतं."

"तू गेली नाहीस तर मला फार बरं वाटेल."

राइलीचा चाकू थांबला. ताइमी मळतच होती, पण कणकेत आता मळण्यासारखं काही उरलं नव्हतं.

"पाणी मी आणीन," मी म्हणालो.

"पाणी तू आत्ताही आणतोस."

"रोज आणीन. तू उठायच्या आत."

"ईवारीकाका," राइली म्हणाली. ती रागावलेली नव्हती, तिचा आवाज बारीक झाला होता. "तुम्ही चांगले आहात, मला माहीत आहे. पण तुम्ही पलीकडे राहता. तळं गोठायला लागलं की काय करणार? नोव्हेंबरात तीन आठवडे होडी चालत नाही आणि बर्फावर पाय ठेवता येत नाही. वसंतात पुन्हा तीन आठवडे. रस्त्याने वळसा घालून यायचं तर अर्धा दिवस जातो. आई तेव्हाच पडली तर तुम्ही काठावर उभे राहून हाका मारणार का?"

तिचं खरं होतं. मी सगळ्याचा विचार केला होता, तळ्याचा नव्हता. सहासष्ट वर्षं त्याच तळ्याकाठी काढून. मी टोपी फिरवत उभा राहिलो. दाराशी लावलेली रोपं खिडकीतून दिसत होती, त्यातलं डावीकडचं वाकडं रोवलं गेलं होतं.

"मग त्याने अलीकडे राहावं," ताइमी म्हणाली.

"अलीकडे कुठे?" मी विचारलं.

ताइमीने मुलीकडे पाहिलं. "हा माणूस चिठ्ठ्या बऱ्या लिहितो," ती म्हणाली. "बोलण्यात असा आहे."

राइली बटाट्याच्या सालांकडे बघत बसली. मग डोळे पुसले, आणि हाताला माती लागलेली असल्यामुळे गालावर काळा पट्टा उमटला. "आई, तू हे मला आधी का नाही सांगितलंस? मी खोलीला पडदे शिवले."

"मला कुणी विचारलं नव्हतं, गं. तू सांगत होतीस, तो 'बरंच आहे' म्हणत होता. मी कुणाच्या नावाने नाही म्हणायचं?"

"आणि पडली तर?" हा प्रश्न राइलीने मला विचारला.

"पडली तर अर्धा तास पडून राहणार नाही," मी म्हणालो. "याहून जास्तीचं वचन मला देता येणार नाही."

राइलीने एक सबंध बटाटा सोलला, धुतला, पातेल्यात टाकला. "हिवाळ्यात दर रविवारी फोन करायचा. गावच्या दुकानात जाऊन. दोघांनी," ती म्हणाली. आणि मग, "पण सोमवारची गाडी सांगून ठेवलीय, तिचं काय?"

"येऊ दे की," ताइमी म्हणाली. "ईवारीचं उभं घड्याळ होडीत मावायचं नाही. आणि ईवारी, ते डावीकडचं रोप सरळ कर, लोक हसतील."

त्या संध्याकाळी आधी बायकांची सौना झाली, मग मी एकटा बसलो आणि डहाळ्यांच्या जुडीने पाठ लाल करून घेतली. शनिवारी आम्ही तिघं पोटावर हात ठेवून पडून राहिलो. राइलीने आईला दाखवायला आणलेले पडदे बॅगेतून काढून खिडकीला लावून पाहिले. आखूड होते, पण तिने ते तसेच राहू दिले.

रविवारी सकाळी मी पहिली खेप आणली. करवत, दोन कुऱ्हाडी, घोंगडी आणि कचेरीच्या चिठ्ठ्यांची पेटी, गच्च भरलेल्या होडीत. काठावर चिखल होता. पेटी छातीशी धरून मी पायरी चढलो आणि दार खांद्याने ढकललं. ताइमी गुडघ्यांवर बसून, साबणाच्या फेसात, लांब ब्रशने जमीन घासत होती. अर्धी खोली ओली होती.

"अरे, बूट! बूट काढ बाहेर! डोळे आहेत की नाहीत? आज आत्तो आहे, आणि हा तळ्यातला सगळा गाळ घेऊन आलाय आत!"

मी जागीच उभा राहिलो.

"काय म्हणालीस?"

"बूट काढ म्हणाले."

"त्याच्यानंतरचं."

ताइमीने ब्रश बादलीत टाकला आणि मनगटाने कपाळावरचे केस मागे सारले. आपण काय बोललो ते तिच्या तेव्हा ध्यानात आलं. इतके दिवस तिने जीभ सांभाळली होती, आणि माझ्या बुटांनी घात केला. ती लाजली वगैरे नाही. एवढंच म्हणाली, "वय एकाहत्तर लिही. बहात्तर ऑक्टोबरात लागेल."

आतल्या खोलीतून राइली ओरडली, "मी सांगितलं होतं ना, रविवारी आत्तो!"

"तू सांगितलास तेव्हा नव्हता," ताइमी तिला म्हणाली.

मी बूट काढले, पेटी उघडली आणि पायरीवर, दोन भूर्जांच्या मध्ये बसून चौदावी चिठ्ठी लिहिली. लिहून झाल्यावर आत जायला उठलो, तर जमीन वाळेपर्यंत तिने मला आत घेतलं नाही.